डॉक्टर, नर्स आणि आम्ही दोघे



हा लेख आम्ही दोघांनी मिळून लिहिला आहे. आमच्यापैकी एक डॉक्टर आणि एक नर्स. दोघांचीही नोकरी इंग्लंडात झाली, दोघेही केव्हाच निवृत्त झालो, आणि दोघांनाही आता औषधे वेळेवर घेण्याची आठवण करून द्यावी लागते. लेखणी एकाच्या हातात होती, पण शेजारी बसून खोडायला सांगणारे दुसरे माणूस होतेच. तेव्हा कोणते वाक्य कोणाचे हे कृपा करून विचारू नये. त्यावरून घरात आधीच पुरेसे वाद झाले आहेत.

लेख लिहिण्याचे निमित्त आमची नात. ती मँचेस्टरजवळच्या एका इस्पितळात डॉक्टर आहे. पूर्वी ज्यांना ज्युनियर डॉक्टर म्हणत आणि सप्टेंबर २०२४ पासून ज्यांना रेसिडेंट डॉक्टर म्हणतात, त्यांपैकी ती एक. एका रविवारी ती आली आणि चहाचा कप हातात घेऊन म्हणाली, "आजी, आजोबा, एक सांगायचंय. मी एकाला भेटते. माझ्याच हॉस्पिटलमध्ये आहे." (नातीचे मराठी चार शब्दांचे, बाकीचे आम्ही येथे घातले आहे.)

आम्ही दोघे एकमेकांकडे पाहून हसलो. इस्पितळात जमलेले लग्न म्हणजे आमच्या घरची परंपराच. मुलगा कोण, कुठला, हे विचारून झाले. मँचेस्टरचा, यहुदी घरातला. आम्हाला आणखी बरे वाटले. मग आम्ही विचारले, "कुठल्या विषयात आहे? सर्जरी की मेडिसिन?"

"विषय नाही आजोबा. तो नर्स आहे. आय. सी. यू. मध्ये."

खोलीत क्षणभर कोणी बोलले नाही. मग आमच्यापैकी एकाच्या तोंडून वाक्य निघाले: "एवढी डॉक्टर झालीस, आणि नर्स?"

हे कोण बोलले ते सांगणार नाही. खरे सांगायचे तर वाक्य दोघांच्याही तोंडात तयार होते, एकाचे आधी बाहेर पडले इतकेच. नातीने कप खाली ठेवला आणि शांतपणे म्हणाली, "आजी, तू कोण होतीस?"

ती गेल्यावर रात्रभर आम्हाला झोप आली नाही. कारण हे वाक्य आम्ही पूर्वी ऐकले होते. ते निळ्या एअरोग्रामवर मुंबईहून १९६८ साली आले होते. त्याची हकीकत पुढे येईल. त्याआधी थोडे कथा-कादंबऱ्यांविषयी सांगू, कारण अशा प्रेमाविषयीच्या आमच्या कल्पना प्रथम तेथूनच आल्या.

आमच्यातली नर्स १९६४ च्या सप्टेंबरात, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, लँकेशायरमधल्या एका गिरणीगावच्या इस्पितळात एस. आर. एन. शिकायला आली. भायखळ्याला वाढलेल्या मुलीला गिरण्यांचे धुराडे पाहून परके वाटले नाही. परके वाटले ते नर्सेस होम. रात्री साडेदहाला दाराला कुलूप, उशीर होणार असेल तर मेट्रनच्या सहीची चिठ्ठी, आणि पुरुष पाहुणा आला तर तो बाहेरच्या बैठकीच्या खोलीतच. त्या होमच्या इस्त्रीच्या खोलीत फडताळभर कादंबऱ्या होत्या. मिल्स अँड बून कंपनीच्या, कव्हरे फाटलेल्या, पानापानावर चहाचे डाग. इस्त्री तापेपर्यंत एक प्रकरण वाचून व्हायचे.

त्यांचा साचा ठरलेला. नर्स गरीब, गुणी आणि एकाकी. डॉक्टर उंच, तुसडा आणि मोठ्या घरचा. तो तिला सर्वांसमोर झापतो, ती कोपऱ्यात रडते. मग एका रात्री अपघाताचे रोगी येतात, ती धीराने काम करते, त्याची नजर बदलते. शेवटच्या पानावर मागणी. पुढे ती नोकरी करणार की नाही, हा प्रश्न कोणालाच पडत नाही. तो पडण्याचे कारणही नव्हते. दुसऱ्या महायुद्धापर्यंत इथल्या बहुतेक इस्पितळांत लग्न केलेल्या नर्सला नोकरी सोडावी लागे. कादंबरीचे शेवटचे पान आणि नोकरीचे शेवटचे पान एकच होते.

या गोष्टी लिहिणाऱ्या स्त्रियांचे आयुष्य मात्र तसे नव्हते, हे आम्हाला पुष्कळ उशिरा कळले. ल्युसिला अँड्र्यूज या अशा कादंबऱ्यांच्या नामवंत लेखिका. दुसऱ्या महायुद्धात त्या लंडनच्या सेंट टॉमस इस्पितळात नर्स होत्या. १९४७ मध्ये त्यांनी एका डॉक्टरशी लग्न केले. तो मादक औषधांच्या आहारी गेला होता. मुलगी झाली त्या सुमारास त्याला इस्पितळात ठेवावे लागले. बाईंनी मुलीसाठी पुन्हा नर्सची नोकरी धरली आणि सोबत लिहायला घेतले. पहिली कादंबरी १९५४ मध्ये निघाली आणि त्याच वर्षी नवरा वारला. म्हणजे डॉक्टर-नर्सच्या प्रेमाचे गोड शेवट ज्या हाताने लिहिले, त्या हाताला स्वतःचा शेवट असा मिळाला होता. त्यांनी पुढे आत्मचरित्र लिहिले, १९७७ साली, आणि त्याचे नाव ठेवले 'नो टाइम फॉर रोमान्स'. नर्सशिवाय दुसऱ्या कोणाला हे नाव सुचले नसते.

दुसऱ्या बेटी नील्स. याही नर्स. निवृत्तीनंतर, वाचनालयात एक बाई चांगल्या प्रेमकथा मिळत नाहीत म्हणून कुरकुरताना ऐकल्या, आणि यांनी लिहायला सुरुवात केली. १९६९ पासून शंभरावर कादंबऱ्या लिहिल्या. त्यांचा नायक पुष्कळदा श्रीमंत डच डॉक्टर. स्वतःचा नवरा डचच होता, पण डॉक्टर नव्हे; युद्धात सुरुंग काढणाऱ्या जहाजावरचा खलाशी. आम्हाला तो खलाशी जास्त आवडला असता, पण त्याच्यावर कादंबऱ्या खपल्या नसत्या.

टेलिव्हिजनवर तेव्हा 'इमर्जन्सी वॉर्ड टेन' ही इस्पितळाची मालिका चाले, १९५७ पासून १९६७ पर्यंत. होममध्ये तीस मुली एका छोट्या पडद्यासमोर जमत. १९६४ मध्ये त्या मालिकेत एक गोरा डॉक्टर आणि जमैकात जन्मलेल्या जोन हूली या नटीने उभी केलेली कृष्णवर्णी महिला सर्जन यांचे प्रेम दाखवले होते, चुंबनासह. आमच्यातली नर्स आली तेव्हाही मुली त्याविषयी बोलत होत्या. तो प्रसंग आधी शयनगृहात घडायचा होता, तो बागेत नेला. आणि थोड्याच दिवसांत त्या डॉक्टरीणबाईंना कथेतून आफ्रिकेत धाडून सर्पदंशाने मारून टाकले. होममधल्या जमैकाच्या मुली त्यावर हसत. म्हणत, "आपल्याला मेट्रन ओरडते ते परवडलं, साप तरी नाही सोडत."

आपल्याकडच्या चित्रपटांत काय वेगळे होते? मुंबई सोडण्यापूर्वी 'दिल अपना और प्रीत पराई' पाहिला होता, १९६० चा. राजकुमार सर्जन, मीनाकुमारी नर्स, आणि त्या सर्जनला उपकाराच्या ओझ्याखाली जिच्याशी लग्न करावे लागते ती बायको म्हणजे नादिरा. नादिरा बगदादी यहुदी घरातली, म्हणून आपल्या लोकांची तिच्यावर विशेष माया. पण चित्रपटात तीच वाईट, आणि मुकाट्याने झिजणारी नर्स चांगली. आपल्या मराठी मुलखातली सर्वांत मोठी खरी गोष्ट डॉ. द्वारकानाथ कोटणीसांची. सोलापूरचा हा तरुण डॉक्टर १९३८ मध्ये वैद्यकीय पथकाबरोबर चीनला गेला. तेथे नर्सिंग शिकवणाऱ्या क्वो चिंगलान यांच्याशी १९४१ मध्ये लग्न केले, १९४२ मध्ये मुलगा झाला, आणि त्याच वर्षी डिसेंबरात डॉक्टर वारले. वय बत्तीस. व्ही. शांताराम यांनी १९४६ मध्ये त्यावर चित्रपट काढला. स्वतः डॉक्टर झाले आणि त्यांची पत्नी जयश्री नायिका. चित्रपटात गाणी आहेत. खऱ्या संसाराला जेमतेम एक वर्ष मिळाले, आणि तेही युद्धाच्या धामधुमीत, जखमी सैनिकांच्या इस्पितळात.

आता आमची हकीकत, जी कोणी पडद्यावर आणणार नाही.

आमच्यातला डॉक्टर मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजचा. १९६६ च्या अखेरीस तो त्याच इस्पितळात आला. त्या काळी आपल्या पदव्या येथे मानल्या जात. जनरल मेडिकल कौन्सिलने ती मान्यता १९७५ मध्ये काढून घेतली. पहिले दोन महिने दोघे एकाच इमारतीत असून एकमेकांना ठाऊक नव्हतो. ओळख करून दिली ती रात्रीच्या कँटीनमधल्या बाईने. मध्यरात्रीच्या जेवणात ती सर्वांच्या ताटात अंडे आणि बेकन वाढी. एकदा डॉक्टरने बेकन परत केले तेव्हा ती वैतागून म्हणाली, "तुझ्यासारखीच आणखी एक आहे वर मेडिकल वॉर्डात. तीही माझं बेकन परत पाठवते. हिंदूच ना तुम्ही?" डॉक्टर म्हणाला, हिंदू बेकन खात नाहीत की काय ते मला ठाऊक नाही, पण तिचे नाव काय? नाव ऐकले. शेवटी 'कर' होते. कोकणातले गाव आणि पुढे 'कर', आणि पहिले नाव बायबलातले. आणखी काय पुरावा हवा?

पण ओळख म्हणजे प्रेम नव्हे. हाउसमनला आठवड्याला शंभर तास काम, एका रात्रीआड रात्र. विद्यार्थिनी नर्सला रात्री तीस खाटांचा वॉर्ड एकटीने सांभाळायचा. दोघांत बोलणे म्हणजे, "सात नंबरचं सलाईन बंद पडलंय," आणि, "आलो." वॉर्ड सिस्टरने बजावून ठेवलेले, डॉक्टरांशी कामापुरतेच बोलायचे.

जे काही ठरले ते एका पहाटे ठरले. वॉर्डात एक म्हातारा गिरणी कामगार होता. चाळीस वर्षे कापसाची धूळ छातीत घेतलेली. भायखळ्याच्या चाळीतले शेजारी खोकत तसाच खोकायचा. तो पहाटे चारला गेला. डॉक्टरचे काम संपले, कागदावर वेळ लिहिली की तो झोपायला मोकळा. नर्सने इथल्या जुन्या रीतीप्रमाणे खिडकी थोडी उघडली आणि देह धुण्याची तयारी सुरू केली. जोडीला असलेली मुलगी दुसऱ्या वॉर्डात पाठवलेली. डॉक्टरने बाह्या वर केल्या आणि मराठीत म्हणाला, "पाणी मी आणतो. आजोबांना धुताना मी होतो, मला येतं." आपल्या समाजात मयताची सेवा हे पुण्य मानतात हे दोघांनाही लहानपणापासून ठाऊक. त्यानंतर अर्धा तास कोणी काही बोलले नाही. त्या देशात आल्यापासून प्रथमच कोणीतरी आपल्या शेजारी उभे आहे, असे नर्सला वाटले. आपण कोणाच्या वर उभे नाही, असे डॉक्टरला वाटले. कादंबरीत हा प्रसंग आम्ही कधी वाचला नाही.

१९६८ मध्ये डॉक्टरने घरी पत्र लिहिले. उत्तर पंधरा दिवसांत आले. "चि. यास अनेक आशीर्वाद. एवढा डॉक्टर झालास, आणि नर्स करतोस? रात्री-बेरात्री परक्या पुरुषांच्या खाटेशी उभी राहणारी मुलगी आपल्या घरात कशी आणावी? समाजात डॉक्टर मुली नाहीत असे नाही. डॉ. जेरूशा झिराड बाईंचे नाव ऐकले आहेस ना?"

आता, झिराड बाईंचे नाव कोणा बेने इस्राएलाने ऐकलेले नाही? लंडनला शिकून १९१९ मध्ये एम. डी. झालेल्या, १९२८ ते १९४७ कामा इस्पितळाच्या प्रमुख, १९६६ च्या पद्मश्री. आम्हा दोघांनाही त्यांच्याविषयी नितांत आदर. पण त्यांनी लग्नच केले नव्हते, त्यामुळे सुनेचा नमुना म्हणून आईने त्यांचे नाव का घ्यावे हे कळले नाही. नर्सने एवढेच म्हटले, "बाईंच्या हाताखाली ज्या नर्स होत्या, त्यांची नावं तुमच्या आईला ठाऊक आहेत का?"

लग्न १९६९ मध्ये आग्रीपाड्याच्या मागेन हसिदीममध्ये झाले. आदल्या रात्री मेंदी, दुसऱ्या दिवशी पांढरी साडी. आपल्याकडे वधू आत येताना नवऱ्यामुलाने उभे राहून गायचे असते. शंभर तासांच्या ड्यूटीला न डगमगलेला माणूस तेथे सूर चुकला. सासूबाईंनी आपले म्हणणे चुकले असे पुढे कधीही म्हटले नाही. पण काही वर्षांनी शेजारणींना सांगत, "माझी सून विलायतेत मेट्रन आहे." सून तेव्हा स्टाफ नर्स होती. दुरुस्ती कोणीच केली नाही.

यापुढचे कादंबऱ्या सांगत नाहीत. दोन मुले झाली. एक दिवसपाळीला, एक रात्रपाळीला. एक अंथरुणातून उठे तेव्हा दुसरे त्याच उबेत झोपायला येई. १९७३ मध्ये आमच्यातल्या नर्सला ऑपरेशन थिएटरच्या सिस्टरची जागा देऊ केली होती. त्याच महिन्यात डॉक्टरला साठ मैलांवर नोकरी मिळाली. परदेशी डॉक्टरला मिळेल तेथे जावे लागे, बहुधा जेथे इथले डॉक्टर जायला तयार नसत तेथे; आमचा वाटा वृद्धांच्या वॉर्डांचा. आम्ही गेलो. सिस्टरची जागा सुटली. पुढे अर्धवेळ रात्रपाळी, आणि नोकरीच्या शेवटी शेवटी नाइट सिस्टर.

याविषयी आम्हा दोघांचे एकमत नाही, आणि ते येथे लिहूनच ठेवतो. एकाला वाटते की तो निर्णय दोघांनी मिळून घेतला होता. दुसऱ्याला आठवते की त्या रात्री प्रश्न विचारलाच गेला नव्हता. सामान बांधायला घेतले होते. पन्नास वर्षांनंतर, या लेखाच्या निमित्ताने, तो प्रथमच विचारला गेला. उत्तर असे आले: "जागा हवी होती. फार हवी होती." डॉक्टरला हे ठाऊक नव्हते असे तो म्हणतो. आम्ही ते तसेच ठेवले आहे.

आणखी एक गोष्ट. कादंबरीतला तो झापणारा, हात धरून ओढणारा सर्जन आम्ही प्रत्यक्ष पाहिला आहे. एका इस्पितळात तसा एक होता. एक नवी मुलगी रडत होममध्ये आली. तिची बदली झाली. त्याचे काहीच झाले नाही. आम्हीही गप्प बसलो. नात म्हणते, "आजी, ते रोमान्स नव्हतंच." इथल्या शल्यवैद्यांत केलेल्या एका पाहणीत, जी सप्टेंबर २०२३ मध्ये प्रसिद्ध झाली, उत्तर देणाऱ्या स्त्री सर्जनांपैकी जवळजवळ तीस टक्के जणींनी मागील पाच वर्षांत सहकाऱ्याकडून लैंगिक हल्ला झाल्याचे सांगितले. जानेवारी २०२४ पासून कौन्सिलच्या नियमांत सहकाऱ्यांशी असे वागू नये हे स्पष्ट लिहिले आहे. आमच्या वेळी ते कोणी लिहिले नव्हते, कादंबरीत मात्र ते प्रेम म्हणून लिहिले जाई. वरच्याने खालच्याकडे हात करणे आणि दोघांनी एका पातळीवर उभे राहणे यांतला फरक मुलींना शिकवायचा असेल तर तो आपणच शिकवावा लागेल.

आणि येथेच आमची पंचाईत झाली. ही पातळीची गोष्ट आम्ही स्वतः जगलो, आणि नातीसमोर पहिल्याच मिनिटाला विसरलो. काळ तर उलटला आहे. २०२५ मध्ये या देशाच्या डॉक्टरांच्या नोंदवहीत प्रथमच बायका पुरुषांपेक्षा अधिक झाल्या. नर्समध्ये शंभरात सुमारे अकरा पुरुष आहेत. १९४९ च्या कायद्यापर्यंत त्यांची नोंदही वेगळ्या यादीत होत असे. तेव्हा डॉक्टरीण आणि नर्स-नवरा ही जोडी दिसणारच. मुलगा आपल्या धर्माचा, कष्टाळू, निर्व्यसनी. आम्हाला अडले ते फक्त नर्स या शब्दाशी, आणि आमच्यापैकी एकीने तो शब्द छातीवरच्या बिल्ल्यावर जवळजवळ चाळीस वर्षे वागवला.

आम्ही नातीला फोन केला. माफी मागणे आमच्या पिढीला जमत नाही, आम्ही म्हटले, "शुक्रवारी त्याला जेवायला आण."

तो उन्हाळ्यातला शुक्रवार होता. इथे तेव्हा शब्बाथ उशिरा लागतो, म्हणून तो साडेआठपर्यंत येईल असे ठरले. तो नऊ वाजून गेल्यावर आला. साडेबारा तासांची पाळी आणि शेवटी एक रोगी गेला होता, नातेवाइकांना सोडून निघवले नाही म्हणाला. हात धुतले, किद्दुश झाला, बिरड्याचे कालवण त्याने दोनदा घेतले. मग आमच्याकडे वळून त्याने विचारले, "तुम्ही कुठल्या वॉर्डवर होता?"

आम्ही सवयीने डॉक्टरच्या उत्तराची वाट पाहिली. घरी येणारा प्रत्येक पाहुणा आजवर डॉक्टरलाच हा प्रश्न विचारत आला होता. पण मुलगा आमच्यातल्या नर्सकडे पाहत होता.

मग ती बोलू लागली. मेडिकल वॉर्ड, तीस खाटा, एकटी, १९६७. नंतर त्या न घेतलेल्या थिएटरच्या जागेविषयीही बोलली. मेणबत्त्या विझायला आल्या तरी दोघांचे बोलणे चालूच होते, आणि डॉक्टर आणि डॉक्टरीण, आजोबा आणि नात, ताटे आवरत होते.

वाचकहो, तुम्ही इंग्लंडात असा, इस्राएलात असा, आपल्या किती घरांतल्या मुली नर्स झाल्या आणि किती घरांचे भाडे त्यांच्या रात्रपाळ्यांनी भरले, हे तुम्हाला ठाऊक आहे. उद्या तुमच्या घरी असा चहाचा कप हातात घेऊन कोणी बसले, तर आमचे वाक्य तोंडातून काढू नका. त्याच्याऐवजी त्या मुलाला, त्या मुलीला, कुठल्या वॉर्डवर आहेस ते विचारा, आणि उत्तर पुरते ऐका.